बेसबॉलची कॉमेंट्री ट्रान्झिस्टरवर नाही, मोबाइलवर

ट्रान्झिस्टरवर अमेरिकेतल्या बेसबॉलची कॉमेंट्री लागेल का, असं काही जण विचारतात. नाही लागणार भाऊ. अमेरिकेतल्या रेडिओची मीडियम वेव्ह आपल्या वावरापर्यंत पोचत नाही. तिथल्या स्टेशनची वेबसाइट लावाल, तर ऐन सामन्याच्या वेळी बहुतेकदा भलताच कार्यक्रम वाजतो, कारण नेटवरचे हक्क एमएलबीकडे, म्हणजे मेजर लीग बेसबॉल या तिथल्या मुख्य लीगकडे. म्हणून एमएलबीच्या अ‍ॅपमधलं नुसतं ऑडिओचं सबस्क्रिप्शन घ्या. 64 केबीपीएसला (डेटाचा वेग) तासाला साधारण 29 एमबी जातात. रेंजची एक काडी असली तरी सहसा भागतं. स्क्रीन बंद होताच आवाज गेला, तर टॉवरला शिव्या नका देऊ, बॅटरी सेव्हर बघा. सेटिंगमध्ये अ‍ॅपला 'अनरिस्ट्रिक्टेड' करा. न्यूयॉर्कचा संध्याकाळी 7 चा सामना आपल्याकडे पहाटे 4:30 ला, म्हणजे रात्रीच्या विजेच्या लाइनीवरचं ओलित उरकता उरकता.