आदिमानवाचं सूत, दोर, कापड: कुठून सुरुवात करू? वाचायला, बघायला, करायला सुचवा

रानजाई
नमस्कार मंडळी, मी घरी छोट्या फ्रेमलूमवर विणते. लेक आठवीत आहे, तिला इतिहासाची प्रचंड आवड. परवा तिने विचारलं की शेती यायच्या आधी माणसं विणायची का, आणि तेव्हापासून आम्ही दोघी त्याच्याच मागे आहोत. नेटवर शोधलं की थेट इजिप्तच येतं, मला त्याच्याही मागचं हवंय. पुस्तक, म्युझियम, हाताने करून बघण्यासारखं काही, सगळं चालेल. पुण्यात राहतो. इंग्रजी चालेल पण अगदी जड नको.

घोडकाठ
ताई, माझा पहिला सल्ला हा की कापड शोधू नका, कापड ज्याला चिकटलं होतं ते शोधा. सूत मातीत कुजतं, आपल्या पावसात तर फारच लवकर, त्यामुळे जे उरतं ते कशाच्या तरी आधाराने उरतं. एकतर तांब्याला लागून, कारण तांब्याचे क्षार जीवाणूंना मारतात आणि हळूहळू धाग्यात उतरून त्याचा जणू साचाच बनतो. नाहीतर जळून कोळसा होऊन, मिठात, नाहीतर कोरड्या वाळवंटात. आणि कधी कधी नुसता ठसा. चेक देशातल्या दोल्नी वेस्तोनित्से आणि पाव्हलॉव्ह इथे भाजलेल्या मातीच्या तुकड्यांवर विणीचे ठसे आहेत, 25 हजार वर्षांपेक्षा जुने. धागा एकही नाही पण वीण दिसते, म्हणजे दोन आडवे धागे एकमेकांना पीळ देत उभ्या धाग्यांभोवती कसे गेलेत ते कळतं. तुम्ही विणता म्हणून हे बघून तुम्हाला आमच्यापेक्षा जास्त समजेल. त्यावर काम करणाऱ्या ऑल्गा सॉफर आणि जेम्स अॅडोवेसिओ या अभ्यासकांची नावं टाकून शोधा, फोटो सापडतील.

आणि आपल्याकडचंच सांगतो. नेवाशाच्या उत्खननात एका लहान मुलाच्या दफनात गळ्यात तांब्याच्या मण्यांची माळ मिळाली आणि मण्यांच्या आत धागा शिल्लक होता, कापसाबरोबर कातलेलं रेशीम! 3000 वर्षांहून जुनं. घोड नदीकाठच्या चांदोलीला तशाच तांब्याच्या मण्यांत जवसाच्या वाखाचा, म्हणजे खोडाच्या सालीतल्या तंतूंचा, धागा मिळाला. दोन्ही खोदकामं डेक्कन कॉलेजची. पुण्यात आहात तर तिथलं पुरातत्त्व संग्रहालय आधी बघा, इनामगावच्या उत्खननाचं काम नीट मांडलंय. जायच्या आधी फोन करून वेळ विचारा.

माटुंगा_रोड
घोडकाठ, मस्त लिहिलंत. त्यात एक भर घालतो, मी कापड गिरणीच्या लॅबमधला माणूस म्हणून मला हे फार जवळचं आहे. मोहेंजोदडोला 1920 च्या दशकात चांदीच्या भांड्याला चिकटलेलं सुती कापड मिळालं ना, ते तपासलं गेलं आपल्या माटुंग्याच्या कापूस तंत्रज्ञान प्रयोगशाळेत! गुलाटी आणि टर्नर यांनी, 1928 ला त्यावर टिपण छापलं. आणि तेच गुलाटी पुढे नेवाशाच्या धाग्यावरही लिहितात, 1961 मध्ये. मला वाटतं महाराष्ट्रातल्या शाळेत हे शिकवायला हवं, इतकी मोठी गोष्ट आहे.

कापसाचंच अजून मागे जायचं असेल तर मेहेरगढ बघा, बलुचिस्तानात. तिथेही तांब्याच्या मण्यातच कापसाचे धागे, साधारण साडेसात हजार वर्षांपूर्वीचे. परत तांबंच, बघा.

थेम्सकाठी
रानजाई, पुस्तकात एकच सांगेन, एलिझाबेथ वेलँड बार्बर यांचं प्रागैतिहासिक वस्त्रांवरचं 1991 चं. जाड आहे, सलग वाचू नका, आधी माग आणि टकळीची प्रकरणं घ्या. बाई स्वतः विणणाऱ्या आहेत म्हणून ते पुस्तक वेगळं पडतं, कुठला धागा आधी ताणला असेल हे हाताने कळल्यासारखं लिहितात.

इजिप्त नको म्हणालात तरी कधी लंडनला आलात तर युनिव्हर्सिटी कॉलेजचं पेट्री म्युझियम चुकवू नका, फुकट आहे. तिथे तारखानचा लिननचा अंगरखा आहे, कार्बन डेटिंगप्रमाणे इसपू 3482 ते 3102 मधला, बाह्यांना बारीक चुण्या घातलेल्या. 1913 ला खोदून काढलेल्या चिंध्यांच्या गाठोड्यात होता आणि 1977 पर्यंत कुणी ते उलगडलंच नव्हतं. कोपराजवळ आणि काखेत सुरकुत्या आहेत, म्हणजे कुणीतरी खरंच वापरलाय. मी तिथे बराच वेळ उभी होते, हलवेना.

सुंभ_आणि_पीळ
सगळे कापडावर बोलताय पण ताई, लेकीला दोरापासून सुरुवात करू दे, विणणं नंतर. फ्रान्समधल्या आब्री दु मारास इथे निअँडरथल माणसाच्या वस्तीत दगडाच्या पात्याला चिकटलेला दोराचा तुकडा मिळाला, जेमतेम 6 मिलिमीटर लांब, 41 ते 52 हजार वर्षांपूर्वीचा, 2020 ला प्रसिद्ध झाला. झाडाच्या आतल्या सालीचा वाख, तीन पदर, पदरांना एका बाजूने पीळ आणि तिन्ही मिळून उलट बाजूने. आपल्याकडे दावं वळताना हेच करतात! केवणीच्या सालीचा, अंबाडीचा, घायपाताचा, कुठलाही वाख घ्या, उलटा पीळ दिला नाही तर दोर हातातच उकलतो. तो उलटा पीळ पोरीच्या हाताला एकदा कळला की पुढचं सगळं वाचन सोपं जाईल असं माझं ठाम मत आहे.

जॉर्जियातल्या झुझुआना गुहेतले 30 हजार वर्षांपूर्वीचे रंगीत जवसाचे धागे नेटवर खूप फिरतात, ते जरा जपून घ्या. परागकण शोधताना मायक्रोस्कोपखाली मिळाले ते, 2009 ला, पण ते जवसच आहे का यावर दुसऱ्या अभ्यासकांनी हरकत घेतलीय. धागे असतील, नुसत्या वनस्पतीच्या नावावर वाद आहे. तुर्कस्तानातल्या चतालह्युक या जुन्या वस्तीतल्या कापडाचं तसंच झालं, वर्षानुवर्षं लोकर की जवस अशी भांडणं आणि 2021 ला निघालं ओकच्या सालीचा वाख. म्हणून म्हणतो सालीकडे दुर्लक्ष करू नका.

घोडकाठ
सुंभ यांना पूर्ण अनुमोदन, शेतीच्या आधीचं उत्तर सालीतच आहे. म्युझियममध्ये मधे भोक असलेल्या भाजक्या मातीच्या चकत्या दिसतील, त्यातल्या काही टकळीला खाली लावायच्या असतात, लेकीला मुद्दाम दाखवा.

रानजाई
सगळ्यांचे मनापासून आभार, काय काय दिलंत! डेक्कन कॉलेज या सुट्टीत नक्की. नेवाशाचं मूल आणि ती माळ लेकीला वाचून दाखवली, लगेच वहीत लिहून घेतलं तिने. सुंभदादा, माझ्या आत्याच्या शेतात बांधावर अंबाडी आहे, भाजीसाठी लावलेली. त्यातून वाख निघेल का? कधी कापायची?

सुंभ_आणि_पीळ
निघेल की. भाजीची कोवळी नका घेऊ, फुलावर आली की बुडातून कापा, पानं झाडा, जुडी बांधून साठलेल्या पाण्यात दगड ठेवून बुडवा. दोन तीन आठवडे लागतात, वास फार येतो म्हणून घरापासून लांब. साल बोटाने सहज सुटायला लागली की काढा, जास्त ठेवली तर वाखच कुजतो. मग धुऊन सावलीत वाळवा आणि मांडीवर वळायला बसवा तिला. पहिला दोर झाला की फोटो इथे टाका, पीळ कुठल्या बाजूला पडलाय ते बघून सांगतो.