व्याख्यानांचे व्हिडिओ कमांड लाइनवरून उतरवून जतन करायचे आहेत. स्क्रिप्ट कशी असावी?

प्रश्न — पेठेतील_वाचनालय

नमस्कार. पुण्यात सदाशिव पेठेतील एका सार्वजनिक वाचनालयाच्या कामात मी सहभागी आहे. आमच्या व्याख्यानमालेची गेल्या अनेक वर्षांतील चित्रमुद्रणे यूट्यूबवर ठेवलेली आहेत. त्यांपैकी काही वाचनालयाच्या स्वतःच्या चॅनेलवर आहेत, तर उरलेली, ज्या संस्थेच्या सहकार्याने ती व्याख्याने झाली, तिच्या चॅनेलवर आहेत. कॅमेऱ्यातील मूळ फाइली आता कोणाकडेच राहिलेल्या नाहीत, त्यामुळे ही सर्व व्याख्याने उतरवून घेऊन वाचनालयाच्या हार्ड डिस्कवर ठेवावीत, असा निर्णय कार्यकारिणीने घेतला आहे. सहआयोजक संस्थेने त्यासाठी लेखी संमतीही दिली आहे.

ब्राउझरमधून एकेक व्हिडिओ उतरवण्याचे काम फार वेळखाऊ आहे, म्हणून वायटी-डीएलपी हे कमांड लाइनवरील साधन वापरून पाहिले. घरच्या विंडोज लॅपटॉपवर ते व्यवस्थित चालते, परंतु वाचनालयातील उबंटूच्या संगणकावर काही व्हिडिओ ‘फाइलचे नाव फार मोठे आहे’ अशा अर्थाची त्रुटी दाखवून थांबतात. दोन्हीकडे पत्ता तोच आणि आज्ञाही तीच असताना असे का व्हावे, हे कळत नाही.

स्क्रिप्ट पुन्हा चालवली तर तिने आधी घेतलेले सोडून फक्त उरलेले व्हिडिओ घ्यावेत, अशीही इच्छा आहे. कोणत्या दर्जाची प्रत घ्यावी आणि कायद्याच्या दृष्टीने आम्ही कोठे उभे आहोत, याबद्दलही जाणकारांनी सांगावे.

उत्तर — टर्मिनल_कोथरूड

आपल्या दोन चॅनेलांसाठी दोन वेगळे मार्ग घ्यावेत, असे मला वाटते. वाचनालयाच्या स्वतःच्या चॅनेलचा पासवर्ड आपल्याकडे असेल, तर त्यासाठी स्क्रिप्टची गरजच नाही. गूगल टेकआउट या सुविधेतून चॅनेलच्या मालकाला आपण चढवलेले व्हिडिओ मूळ दर्जात परत घेता येतात. यूट्यूब स्टुडिओतूनही एकेक फाइल उतरवता येते, पण ती ७२० पी किंवा ३६० पी एवढ्याच दर्जाची मिळते. बाहेरून उतरवलेली प्रत ही नेहमी यूट्यूबने पुन्हा आकसलेली प्रत असते, त्यामुळे जतनासाठी टेकआउटची प्रत अधिक चांगली. स्क्रिप्टचा प्रश्न उरतो तो सहआयोजक संस्थेच्या चॅनेलपुरता. त्या संस्थेलाही आधी हाच मार्ग सुचवून पाहावा.

आता स्क्रिप्टकडे वळतो. पर्यायांची नावे मी येथे देवनागरीत लिहीत आहे. टर्मिनलमध्ये ती रोमन लिपीत, आधी दोन आडव्या रेघा देऊन टंकावीत.

पहिली गोष्ट, वायटी-डीएलपी उबंटूच्या भांडारातून (प्रोग्रामांच्या अधिकृत साठ्यातून) घेऊ नये. यूट्यूब आपली अंतर्गत रचना सतत बदलत असते आणि त्या बदलांशी जुळवून घेण्यासाठी या साधनाच्या आवृत्त्या वारंवार निघतात, तर भांडारातील आवृत्ती मात्र त्या उबंटूबरोबर जुनी होत जाते. प्रकल्पाच्या पानावरून थेट मिळणारी फाइल घेतल्यास ‘अपडेट’ हा पर्याय देऊन ती अद्ययावत करता येते. जालावरील पुष्कळ जुन्या लेखांत यूट्यूब-डीएल हे नाव आढळेल. ते २००६ साली सुरू झालेले मूळ साधन होय. २०२० च्या ऑक्टोबरमध्ये अमेरिकेतील ध्वनिमुद्रण उद्योगाच्या संघटनेच्या तक्रारीवरून गिटहब या प्रोग्रामांचा कोड ठेवणाऱ्या संकेतस्थळाने ते काढून टाकले होते आणि नोव्हेंबरमध्ये परत ठेवले. २०२१ पासून वायटी-डीएलपी ही त्याची शाखा पुढे आली आणि आज तीच वापरावी. २०२५ च्या अखेरीपासून यूट्यूबसाठी या साधनाला डेनोसारखा जावास्क्रिप्ट चालवणारा प्रोग्रामही सोबत लागतो. तो नसेल तर काही दर्जे यादीतच दिसत नाहीत, हे ध्यानात ठेवावे.

एफएफएमपेग हे चित्र-ध्वनी हाताळणारे साधन बसवणेही तितकेच आवश्यक आहे. यूट्यूब अधिक चांगल्या दर्जाचे चित्र आणि ध्वनी वेगवेगळ्या प्रवाहांत ठेवते. वायटी-डीएलपी दोन्ही उतरवते आणि एफएफएमपेग ते एका फाइलीत जोडते. हे जोडणे म्हणजे पुन्हा एन्कोड करणे नव्हे, त्यामुळे दर्जा मुळीच घटत नाही. ‘रीकोड-व्हिडिओ’ हा पर्याय मात्र कटाक्षाने टाळावा, कारण त्यात चित्र पुन्हा आकसले जाते आणि गेलेला तपशील परत मिळत नाही.

दर्जाबाबत माझे मत असे आहे की, व्याख्यानात वक्ता एका जागी उभा असतो आणि खरे मोल त्याच्या शब्दांचे असते, म्हणून उपलब्ध असेल तो १०८० पी पर्यंतचा एच-२६४ (चित्र आकसण्याची एक पद्धत) प्रवाह घ्यावा. व्हीपी-९ किंवा एव्ही-१ या पद्धतींत फाइल लहान होते हे खरे, परंतु वाचनालयातील जुन्या संगणकावर किंवा टीव्हीला जोडलेल्या पेन ड्राइव्हवर एच-२६४ हमखास चालते. जागेचा अंदाज साध्या हिशेबाने काढता येतो : सेकंदाला १ मेगाबिट या प्रमाणात एका तासाचे सुमारे ४५० मेगाबाइट होतात. कोणता प्रवाह किती जागा घेतो, हे मोठ्या एफचा पर्याय (एकच आडवी रेघ देऊन) दिला की यादीत दिसते.

‘फक्त उरलेले घ्यावेत’ या आपल्या अपेक्षेसाठी ‘डाउनलोड-आर्काइव्ह’ हा पर्याय आहे. त्याला एका साध्या मजकूर फाइलीचे नाव द्यावे. पूर्ण उतरलेल्या प्रत्येक व्हिडिओचा ओळख क्रमांक तो त्या फाइलीत एका ओळीवर नोंदवतो आणि पुढच्या वेळी नोंद असलेले व्हिडिओ वगळतो. फाइल हलवली, तिचे नाव बदलले किंवा ती दुसऱ्या डिस्कवर नेली तरी नोंद तशीच राहते, म्हणून फोल्डरमध्ये फाइल आहे की नाही हे पाहणाऱ्या हाताने लिहिलेल्या स्क्रिप्टपेक्षा ही पद्धत कितीतरी भरवशाची आहे. त्या मजकूर फाइलीची एक प्रत मात्र अन्यत्र ठेवावी. मध्येच वीज गेली तर अपूर्ण फाइल ‘पार्ट’ या शेपटासह राहते आणि आज्ञा पुन्हा दिल्यावर काम तेथूनच पुढे सुरू होते.

दोन व्हिडिओंमध्ये काही सेकंदांचे अंतर ठेवणारा ‘स्लीप-इंटरव्हल’ आणि गती मर्यादित करणारा ‘लिमिट-रेट’ हे दोन्ही पर्याय वापरावेत. एकामागून एक मागण्या वेगाने गेल्या तर यूट्यूब आपल्या जोडणीला काही काळ अडवू शकते, आणि वाचनालयाच्या वेळेत तीच जोडणी वाचकांनाही लागत असणार.

उत्तर — अक्षरजुळणी

फाइलच्या नावाच्या त्रुटीबद्दल लिहितो, कारण हा प्रश्न इंग्रजी शीर्षके असणाऱ्यांना सहसा भेटतच नाही आणि म्हणून इंग्रजी मार्गदर्शिकांत त्याची चर्चा क्वचितच आढळते.

उबंटूतील ईएक्सटी-४ या फाइल व्यवस्थेत एका नावाला २५५ बाइटांची मर्यादा आहे. यूटीएफ-८ या अक्षरे साठवण्याच्या पद्धतीत रोमन अक्षराला एक बाइट लागतो, पण देवनागरीच्या प्रत्येक चिन्हाला तीन. आणि चिन्ह म्हणजे अक्षर नव्हे, कारण काना, वेलांटी, हलन्त हे सर्व स्वतंत्र मोजले जातात. ‘व्याख्यानमाला’ या एका शब्दात १३ चिन्हे आहेत, म्हणजे ३९ बाइट. २५५ बाइटांत देवनागरीची केवळ ८५ चिन्हे मावतात. यूट्यूब शीर्षकाला १०० चिन्हांपर्यंत मुभा देते, त्यामुळे पूर्ण लांबीचे मराठी शीर्षक ३०० बाइटांपर्यंत जाते आणि अडते. विंडोजची एनटीएफएस व्यवस्था बाइटांऐवजी दोन बाइटांची एककेच मोजते व अशी २५५ एकके चालवून घेते, म्हणून आपल्या घरच्या लॅपटॉपवर तेच शीर्षक विनातक्रार बसले. शिवाय उतरवणे चालू असताना वायटी-डीएलपी नावापुढे प्रवाहाचा क्रमांक आणि ‘पार्ट’ हे शेपूट जोडते, तेव्हा जेमतेम मावणारे नावही कामाच्या मध्ये मर्यादा ओलांडू शकते.

यावर ‘रिस्ट्रिक्ट-फाइलनेम्स’ हा पर्याय पुष्कळदा सुचवला जातो. मराठी शीर्षकांसाठी तो उपयोगाचा नाही. तो रोमनेतर चिन्हांच्या जागी खालची रेघ घालतो आणि लागोपाठच्या रेघा एकत्र करतो, म्हणजे शीर्षक जवळजवळ पुसलेच जाते. फाइलचे नाव कसे बनावे हे सांगणाऱ्या साच्यात शीर्षकाच्या चौकटीनंतर टिंब, आकडा आणि मोठा बी लिहिला, तर तेवढ्याच बाइटांपर्यंत शीर्षक छाटले जाते; १५० बाइट ठेवल्यास अडचण येत नाही. मात्र ही छाटणी चिन्हांच्या सीमेवर होते, अक्षरांच्या नव्हे, त्यामुळे नावाच्या शेवटी एखादे अर्धे जोडाक्षर लोंबत राहू शकते.

म्हणून माझा आग्रह असा की फाइलच्या नावात मराठी शीर्षक ठेवूच नये. नाव तारीख आणि यूट्यूबचा ११ चिन्हांचा ओळख क्रमांक एवढ्यावरच बेतावे, आणि शीर्षक, वर्णन, चॅनेल ही सर्व माहिती ‘राइट-इन्फो-जेसन’ व ‘राइट-डिस्क्रिप्शन’ या पर्यायांनी शेजारच्या फाइलींत उतरवून घ्यावी. वायटी-डीएलपी जी तारीख देते ती व्हिडिओ चढवल्याची असते, व्याख्यानाची नव्हे. व्याख्यान जानेवारीत आणि व्हिडिओ एप्रिलमध्ये, असे सर्रास घडते. खरी तारीख बहुधा वर्णनात किंवा वाचनालयाच्या छापील कार्यक्रमपत्रिकेत सापडेल आणि ती सूचीत वेगळ्या रकान्यात नोंदवावी लागेल.

सूचीचा विषय निघालाच आहे तर आणखी एक सांगतो. पुण्यातील बहुतेक जुन्या संस्थांप्रमाणे आपल्याकडेही व्याख्यानांची यादी श्रीलिपीसारख्या, युनिकोड ही सर्व लिप्यांची सामाईक संकेतपद्धत रूढ होण्यापूर्वीच्या फाँटमध्ये टंकलेली असण्याची शक्यता आहे. ती आधी युनिकोडमध्ये रूपांतरित केल्याशिवाय यूट्यूबवरील शीर्षकांशी तिचा मेळ घालता येणार नाही. युनिकोडमध्ये आल्यावरही ‘ऱ’ची काळजी घ्यावी. ‘सुऱ्या’ हा शब्द कोणी स्वतंत्र ‘ऱ’ वापरून टंकतो, कोणी ‘र’खाली नुक्ता देऊन, तर कोणी ‘र’, हलन्त आणि अदृश्य जोडचिन्ह वापरून. डोळ्यांना तिन्ही सारखे दिसले तरी शोध घेताना संगणक ते वेगळे मानू शकतो. पहिले दोन प्रकार युनिकोडच्या प्रमाणीकरणाने एकरूप होतात. तिसरा होत नाही, तो आपल्यालाच बदलून घ्यावा लागतो. वक्त्यांच्या आडनावांत असे ‘ऱ’ असतील तर हे काम सूची तयार होतानाच करावे, कारण नंतर एखाद्या वक्त्याची निम्मीच व्याख्याने शोधात सापडतात आणि उरलेली आहेत हे कोणाच्या लक्षातही येत नाही.

उत्तर — ग्रंथ_आणि_कायदा

आपण लेखी संमती घेतलीत हे फार योग्य केले, परंतु ती कोणाची आणि कशासाठी आहे हे तपासून घ्यावे. यूट्यूबच्या सेवाशर्तींनुसार, सेवेने स्वतः मुभा दिली नसेल तर व्हिडिओ उतरवण्यासाठी यूट्यूबची आणि हक्कधारकाचीही लेखी परवानगी लागते. म्हणून वर सुचवलेला टेकआउटचा मार्ग सहआयोजक संस्थेनेच वापरून फाइली आपल्याला देणे, हा सर्वांत स्वच्छ उपाय आहे.

दुसरा मुद्दा वक्त्यांचा आहे आणि तो बहुधा कोणी विचारात घेत नाही. कॉपीराइट कायदा, १९५७ च्या कलम १७ मधील (सीसी) या उपखंडानुसार जाहीर भाषणाच्या कॉपीराइटचा प्रथम मालक ते भाषण करणारी व्यक्ती असते. ती दुसऱ्या कोणाच्या वतीने बोलत असेल तरच तो हक्क त्या दुसऱ्याकडे जातो. सभा कोणी भरवली यावर तो ठरत नाही. चित्रमुद्रणाचा हक्क निर्मात्याचा, पण भाषणाचा हक्क वक्त्याचा, असे हे दोन थर आहेत. शिवाय कायद्याच्या व्याख्येत व्याख्यान देणारी व्यक्ती ‘कलाकार’ या संज्ञेतही येते. प्रत जपून ठेवणे हा एक भाग झाला. उद्या ही व्याख्याने पेन ड्राइव्हवर देणे, विकणे किंवा दुसऱ्या संकेतस्थळावर चढवणे असा विचार आला, तर वक्त्यांकडून किंवा त्यांच्या वारसांकडून वेगळी संमती घ्यावी लागेल. मला विचाराल तर जे वक्ते हयात आहेत त्यांची संमती आताच, जतनाच्या निमित्ताने, घेऊन ठेवावी.

कलम ५२ (१) (एन) मध्ये अव्यावसायिक सार्वजनिक ग्रंथालयाला जतनासाठी इलेक्ट्रॉनिक साठवण करण्याची मुभा आहे, परंतु त्या कृतीची अंकीय नसलेली प्रत ग्रंथालयाकडे आधीपासून असली पाहिजे अशी अट आहे. आपल्या कपाटात जुन्या व्याख्यानांच्या ध्वनिफिती असतील, तर त्यांच्या अंकीकरणाला हे कलम उपयोगी पडू शकेल. केवळ यूट्यूबवर असलेल्या व्हिडिओंना ते लागू पडेल असे मला वाटत नाही. २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५ए हे हक्कभंगाच्या उद्देशाने तांत्रिक संरक्षण भेदणे हा गुन्हा ठरवते, त्यामुळे कुलूपबंद सशुल्क सेवांवरील व्हिडिओंच्या वाटेला संस्थेने जाऊच नये.

प्रश्नकर्त्याचे उत्तर — पेठेतील_वाचनालय

तिघांचेही मनःपूर्वक आभार. सहआयोजक संस्थेकडे टेकआउटबद्दल विचारणा केली आहे. त्यांच्या चॅनेलचा पासवर्ड मिळण्यास अवधी लागणार असल्यामुळे, तोपर्यंत त्यांच्या आणि आमच्या संमतिपत्रात नेमके काय लिहावे यावर कार्यकारिणीत चर्चा करू. यादी खरोखरच श्रीलिपीत आहे, तिचे रूपांतर सुरू केले आहे.

एक शंका उरते. यापुढची नवी व्याख्याने दर आठवड्याला आपोआप यावीत म्हणून क्रॉनमध्ये (ठरल्या वेळी आज्ञा आपोआप चालवणाऱ्या सुविधेत) आज्ञा लिहून पाहिली, पण टर्मिनलमध्ये चालणारी तीच आज्ञा क्रॉनमधून काहीच न करता संपते.

उत्तर — टर्मिनल_कोथरूड

नावाच्या साच्यात टक्क्याचे चिन्ह आहे म्हणून असे होते. क्रॉनच्या तक्त्यात टक्क्याचा अर्थ ‘येथे ओळ संपली’ असा घेतला जातो, त्यामुळे आज्ञेचा पुढचा भाग वायटी-डीएलपीपर्यंत पोहोचतच नाही. सर्व पर्याय एका शेल स्क्रिप्टमध्ये लिहावेत आणि क्रॉनमध्ये फक्त त्या स्क्रिप्टचा पूर्ण मार्ग द्यावा. पुढे कधी विंडोजच्या बॅच फाइलीत तोच साचा लिहिण्याची वेळ आली, तर तेथे प्रत्येक टक्का दोनदा लिहावा लागतो.

क्रॉनला आपल्या नेहमीच्या पाथची (प्रोग्राम कोठे शोधायचे त्या यादीची) माहिती नसते, म्हणून स्क्रिप्टमध्ये वायटी-डीएलपी, एफएफएमपेग आणि डेनो यांचे मार्ग स्पष्ट द्यावेत आणि सर्व संदेश एका नोंदवहीच्या फाइलीत वळवावेत. वार निवडताना आपल्या भागात दुरुस्तीसाठी वीज कोणत्या वारी जाते ते पाहून तो वार टाळावा. दर वेळी उतरलेल्या फाइलींचे एसएचए-२५६ ठसे (फाइल जराही बदलली की बदलणारी, तिच्यावरून काढलेली संख्या) काढून तेही सूचीशेजारी साठवावेत आणि वर्षातून एकदा मूळ आणि दुसऱ्या प्रतीच्या अशा दोन्ही डिस्कांवर पडताळून पाहावेत. डिस्कवरील एखादी फाइल कोणालाही न कळता बिघडली, तर ती दुसऱ्या प्रतीवरून वेळेवर बदलता येते.

नव्या व्याख्यानांसाठी मात्र कॅमेऱ्यातील मूळ फाइल व्हिडिओ चढवण्यापूर्वीच वाचनालयाच्या डिस्कवर घ्यावी, म्हणजे त्यांच्यासाठी ही स्क्रिप्ट चालवण्याची वेळच येणार नाही.