मेग व्हाइटला ड्रम वाजवता येत नव्हते म्हणे!

मंद्रसप्तक :
परवा घरी द व्हाइट स्ट्राइप्सचा 'एलिफंट' अल्बम लावला होता. भाचा आला होता, तो सध्या ड्रम शिकतोय. दोन गाणी ऐकली आणि म्हणाला, "मामा, एवढं तर मीही वाजवीन." हे वाक्य मी गेली वीसेक वर्षं ऐकतोय, म्हणून हा धागा.

ज्यांनी ऐकलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: द व्हाइट स्ट्राइप्स, डेट्रॉइटचा दोनच माणसांचा बँड. गिटार आणि गाणं जॅक व्हाइट, ड्रम मेग व्हाइट. बेस गिटार नाहीच. १९९७ साली सुरुवात, सहा स्टुडिओ अल्बम, फेब्रुवारी २०११ मध्ये संपल्याची घोषणा. दोघं स्वतःला भाऊ-बहीण म्हणवायचे. प्रत्यक्षात नवरा-बायको, आणि २००० साली घटस्फोटही झालेला. लग्नानंतर आडनाव जॅकने बदललं, मेगने नाही.

माझं म्हणणं एवढंच, की या बँडची जी काही ओळख आहे ती मेगमुळे आहे. 'एलिफंट'मधल्या 'सेव्हन नेशन आर्मी' या गाण्याची सुरुवात ऐका. आधी तो सात सुरांचा रिफ (पुन्हा पुन्हा येणारी छोटी सुरावट) एकटाच येतो. बेस वाटतो, पण आहे गिटारच, पेडलने सप्तकभर खाली उतरवलेली. मग धप, धप, धप, धप. चार मात्रांना चार ठोके. झांजा नाहीत, रोल नाही. एखाद्या तयारीच्या ड्रमरला तिथे हाय-हॅटवर (पायाने उघडझाप होणाऱ्या झांजांच्या जोडीवर) चुळबुळ केल्याशिवाय राहवलं नसतं. ऑक्टोबर २००३ मध्ये बेल्जियमच्या क्लब ब्रुग या फुटबॉल संघाचे पाठीराखे मिलानला सामन्यासाठी गेले आणि रिफची हीच ओळ ओरडत बसले. २००६ च्या फुटबॉल विश्वचषकात ती इटलीच्या तोंडी होती. हजारो बेसूर माणसांना एकत्र धरायला असलाच ठेका लागतो.

तालमास्तर :
असहमत. कमी वाजवणं वेगळं आणि जास्त येत नसल्यामुळे कमी वाजवणं वेगळं. मी मुलांना ड्रम शिकवतो. लाइव्ह रेकॉर्डिंग काढा, शेजारी मेट्रोनोम (एकसारख्या लयीत टिकटिक करणारं यंत्र) लावा आणि लय कुठे कुठे पळते ते स्वतःच बघा. आपल्याकडे ख्यालाला साधा ठेका धरणारा तबलजीही वेळ आली की तिहाई घेऊन समेवर येऊन दाखवतो, म्हणून त्याच्या साधेपणाला मान. इथे ती वेळ सहा अल्बम झाले तरी येत नाही.

राहिला प्रश्न स्टेडियमचा. लोक रिफ गातात हो, ठेका नाही. रिफ जॅकचा.

बोरीबंदर :
मास्तर, रिफ जॅकचा हे मान्य. पण जॅक स्वतः ड्रमर आहे हे विसरताय. या बँडच्या आधी तो डेट्रॉइटमध्ये दुसऱ्या एका बँडमध्ये ड्रमच वाजवायचा, आणि २००९ मध्ये द डेड वेदर हा बँड काढला तेव्हा पुन्हा ड्रमवरच बसला. म्हणजे समोर काय चाललंय ते त्याला पूर्ण कळत होतं. तरी चौदा वर्षांत बदली ड्रमर आणावासा वाटला नाही. द राकाँटर्स या त्याच्या दुसऱ्या बँडमध्ये त्याच्याबरोबर चांगले तयारीचे वादक आहेत. अल्बम छान आहेत. गाडीत लावतो मी. पण कुणी अंगावर काटा आला म्हणून सांगत नाही.

कडू_कारलं :
तुम्ही सगळे ड्रमवर का अडलात? हे सगळं दुकान होतं हो. कपडे लाल, पांढरे, काळे, चौथा रंग नाही. ड्रमवर पेपरमिंटच्या गोळीची नक्षी. 'एलिफंट'साठी लंडनच्या टो रॅग स्टुडिओत गेले, कारण तिथे आठ ट्रॅकचं जुनं रेकॉर्डिंग यंत्र. वर अल्बमवर छापलं की कॉम्प्युटर वापरलेला नाही. आणि भाऊ-बहिणीची थाप! २००१ मध्ये लग्नाचा दाखला छापून आला तरी हे आपले मुलाखतीत भाऊ-बहीणच. बाई ड्रमवर गप्प बसलेली हाही त्याच सजावटीचा भाग.

मंद्रसप्तक :
कारलं, थाप होती हे कोण नाकारतंय. पण तिचा उपयोग बघा. नवरा-बायकोचा बँड म्हटला की लोक प्रत्येक गाण्यात त्यांचं भांडण शोधतात. भाऊ-बहीण म्हटलं की गाणं ऐकतात.

आणि बंधनं सोंग म्हणून घातली असती तर दुसऱ्या अल्बमनंतर सुटली असती. जॅकची ती लाल एअरलाइन गिटार मुळात माँटगोमेरी वॉर्ड या दुकानसाखळीत विकला जाणारा स्वस्त माल, फायबरग्लासची. सुरात ठेवायला त्रास देते, तरी तीच. पहिला अल्बम सन हाउसला अर्पण केलाय. त्या म्हाताऱ्या ब्लूज गायकाचं जॅकचं सगळ्यात आवडतं गाणं म्हणजे नुसता आवाज आणि टाळ्या. वाद्यच नाही. टाळ्याही काटेकोर लयीत नाहीत. आता मेगचा ड्रम कुठून आला ते बघा. मास्तर, तुमचा मेट्रोनोम सन हाउससमोर लावून बघणार का?

तालमास्तर :
सन हाउसने आयुष्य घातलं त्यात. मेगने १९९७ मध्ये सहज म्हणून जॅकच्या ड्रमवर बसून बघितलं आणि काही महिन्यांत स्टेजवर. दोन्ही एका तागडीत नका घालू.

उंबरठा :
एरवी नुसती वाचून जाते, आज लिहिते. २०२३ मध्ये एका पत्रकाराने ट्विटरवर मेगच्या वाजवण्याची खिल्ली उडवली होती. इतका गदारोळ झाला की त्याला माफी मागावी लागली. क्वेस्टलव्हसारखा ड्रमर तिच्या बाजूने बोलला, जॅकने कविता लिहिली. मेग? एक अक्षर नाही. सप्टेंबर २००७ मध्ये तिच्या तीव्र अस्वस्थतेमुळे दौरा रद्द झाला, त्यानंतर तो बँड कधी दौऱ्यावर गेलाच नाही. २००९ ला टीव्हीवर एक गाणं, बास. नोव्हेंबर २०२५ ला रॉक अँड रोल हॉल ऑफ फेममध्ये घेतलं तेव्हाही जॅक एकटाच आला.

२००७ च्या कॅनडा दौऱ्यावरच्या माहितीपटाचा शेवट आठवतो? जॅक पियानोवर गातोय, ती त्याच बाकड्यावर शेजारी. मधेच तिच्या डोळ्यांतून पाणी यायला लागतं. तो गाणं संपवतो आणि तिला जवळ घेतो. ती रडते, का ते कुणी सांगत नाही. सजावटीचा भाग म्हणणाऱ्यांनी ते दोन मिनिटं बघावं.

कडू_कारलं :
बघितलंय. सजावट हा शब्द मागे घेतो. दुकान शब्द घेणार नाही! त्याच दौऱ्यात सेंट जॉन्सला एक कॉन्सर्ट केली, त्यात एकच स्वर वाजवला आणि निघाले. याला काय म्हणायचं?

बोरीबंदर :
विनोद म्हणायचं. रात्री त्याच गावात अख्खा कार्यक्रम केला की!
अवांतर: ओहायोचा द ब्लॅक कीज पण दोघांचाच, ड्रमरही तसाच आपला आपण शिकलेला. त्यांनी पुढे सोबतीला वादक घेतले, आवाज भरला, हिट झाले आणि अजून चालू आहेत. मला त्यांचे सुरुवातीचे, तळघरातले अल्बमच आवडतात.

मंद्रसप्तक :
भाच्याची बातमी. काल ड्रमवर बसवला, 'सेव्हन नेशन आर्मी' लावलं आणि सांगितलं की फक्त ती वाजवते तेवढंच वाजव. पहिलं कडवं नीट गेलं. दुसऱ्यात दोनदा हात हाय-हॅटकडे गेला, मी डोळे वटारले. तिसऱ्याच्या आधी पठ्ठ्याने फिल (दोन कडव्यांमधली भरीच्या ठोक्यांची लकेर) टाकलाच.

तालमास्तर :
चांगलं केलं त्याने. माझ्याकडे पाठवा, शनिवारची बॅच आहे.