‘चिंकापिन’ला मराठीत काय म्हणायचं?

तिरफळ: व्हर्जिनियातल्या एका खेड्यातल्या बालपणाच्या आठवणी भाषांतर करतेय. पोरं खिसे भरून चिंकापिन आणतात, खातात, आणि मुठीत धरून ‘सांग किती’ असा खेळ खेळतात. मी ‘रानबदाम’ लिहिलं तर तपासणाऱ्या बाईंनी समासात लिहून पाठवलं, ‘जंगली बदाम वेगळा, त्याच्या फुलांना घाण वास येतो’. खरंय त्यांचं. हे चेस्टनटच्याच कुळातलं झुडूप, चेस्टनटच्या काटेरी बोंडात बहुतेक दोन-तीन बिया असतात आणि याच्यात एकच. काय लिहू?

वामकुक्षी: खुजा चेस्टनट. संपला विषय.

मुळाक्षर: चेस्टनट तरी कुठे मराठी आहे? फारसीत बलूत म्हणजे ओक आणि शाहबलूत म्हणजे चेस्टनट, हिंदीवाले वापरतातच. ‘लघुशाहबलूत’ करा.

गावठाण: लघु पण आणि शाह पण 😄 बाकी बलुतेदार शब्द ह्या बलूतावरूनच आला असणार, सुतार-लोहारांना धान्याऐवजी ओकची फळं देत असतील पूर्वी.

मुळाक्षर: महाराष्ट्रात ओक फक्त आडनावात उगवतो हो.

पाटपाणी: मी नॉर्थ कॅरोलायनात असते. इकडच्या म्हाताऱ्या माणसांना ‘छोटा चेस्टनट’ म्हटलेलं आवडत नाही, त्यांच्या लेखी झाड वेगळं आणि चवही वेगळी, जास्त गोड. शब्द तिथल्या मूळ रहिवाशांचा, पोव्हाटन लोकांचा. कॅप्टन जॉन स्मिथने १६१२ साली ‘चेचिंक्वामिन्स’ असं लिहून ठेवलंय. चिंकापिनच ठेव गं, दोन पानांत वाचकाच्या तोंडात बसेल.

मुळाक्षर: म्हणजे जे अडलं ते इंग्रजीच ठेवायचं, मग भाषांतर कशाला?

पाटपाणी: इंग्रजी कुठे, इंग्रजांनी पण उसनाच घेतलाय. काजू, अननस, बटाटा हे पण पलीकडच्या मूळ लोकांचेच शब्द, पोर्तुगीजांच्या बोटीतून आले. तुम्ही उपासाला बटाटा खाता तेव्हा नाव विचारता का त्याचं?

मुळाक्षर: ते रुळायला दोन-तीनशे वर्षं लागली ताई. इथे पुस्तक मार्चमध्ये येतंय.

रानवाट: दार्जिलिंगला पोस्टिंग होतं तेव्हा बाजारात असलंच काटेरी बोंडातलं फळ खाल्लंय, नेपाळी लोक कटुस म्हणतात. जवळचंच कूळ. भारतीय शब्द आहे, घ्या की.

वामकुक्षी: व्हर्जिनियात कटुस? उद्या कोकणात ब्लूबेरी म्हणाल करवंदाला.

तिरफळ: अजून एक घोळ, पुढच्या प्रकरणात ‘वॉटर चिंकापिन’ आहे. मी शिंगाडा लिहून मोकळी झालेय 🙈

पाटपाणी: अगं नाही! ते पिवळं कमळ, त्याच्या बिया चिंकापिनसारख्या लागतात म्हणून ते नाव. म्हणजे कमळगट्टा.

गावठाण: कमळगट्टा म्हणजे मखाणाच ना?

पाटपाणी: नाही, मखाण्याचं झाड वेगळं, पानाला काटे असतात त्याच्या.

आजोळकर: कोणीच सागरगोटा कसा म्हणालं नाही? शेंगेवर काटे, आत टणक बी, आणि खेळायला पण तेच.

तिरफळ: पण काका, ही पोरं ते खातात हो! सागरगोटा कडूजहर.

आजोळकर: खाण्याचं राहू दे, पण तो मुठीतला खेळ म्हणजे आपली एकी-बेकी, आम्ही चिंचोक्यांवर खेळायचो. तेवढं तरी मराठीत आण.

वामकुक्षी: एकी-बेकीत सम का विषम एवढंच सांगायचं असतं, आकडा नाही. आणि चिंचोक्यांनी नाही, कवड्यांनी.

आजोळकर: कवड्या तुमच्याकडे असतील. आमच्याकडे चिंचोकेच, आणि हरला तर सगळे द्यायचे.

वामकुक्षी: सगळे नाही, मुठीतले फक्त.

गावठाण: आमच्यात हरलेल्याच्या पाठीत धपाटा पण असायचा. आणि चिंच, चिंचोका, चिंकापिन... सगळीकडे ‘चिं’ कसं काय पण?

मुळाक्षर: आता हे सुरू करू नका, चिंच संस्कृत ‘चिञ्चा’वरून आलीय.

तिरफळ: अहो पण मी लिहू काय??

वामकुक्षी: कवड्या.