विषय: हॅल प्रिन्स

अमेरिकन रंगभूमीवरचा हॅल प्रिन्स म्हणजे 'फॅन्टम ऑफ द ऑपेरा' या संगीत नाटकाचा दिग्दर्शक, एवढंच बऱ्याचदा सांगितलं जातं, पण माणूस मुळात निर्माता हो. १९५४ ला 'द पजामा गेम' काढलं तेव्हा हा आणि पार्टनर ग्रिफिथ, निर्माते असून स्टेज मॅनेजरचं कामही स्वतःच करत होते, मग 'वेस्ट साइड स्टोरी', 'फिडलर ऑन द रूफ' वगैरे संगीत नाटकं. दिग्दर्शक म्हणून खरा दणका १९६६ च्या 'कॅबरे'त (नाझींच्या उदयाच्या वेळच्या बर्लिनमधलं नाटक), स्टेजवर भलामोठा तिरका आरसा आणि त्यात प्रेक्षकांना स्वतःचीच तोंडं दिसणार, म्हणजे नाझी येत होते तेव्हा तुम्हीपण असेच बघत बसला असतात ना, असं थेट! फॅन्टममधल्या त्या कोसळणाऱ्या झुंबरापेक्षा मला हा आरसा कधीही भारी वाटतो. बाकी २१ टोनी (अमेरिकन रंगभूमीचे मोठे पुरस्कार) मिळाले तरी सगळंच चाललं असं नाही, १९८१ चं 'मेरिली वी रोल अलाँग' १६ प्रयोगांत गुंडाळलं आणि त्याचा संगीतकार सोंडहाइम, त्याच्याबरोबर पुढचं नाटक थेट २००३ मध्ये.