विषय: रविवारची मॅच आणि टकोमाचे गणिताचे सर

मंडळी, नमस्कार.

रविवारी सिएटलच्या ल्युमेन फील्ड स्टेडियमला अमेरिकन फुटबॉलची मॅच बघायला गेलो होतो. जावयाच्या ऑफिसातून तिकिटं आली म्हणून, नाहीतर आम्ही कुठले जायला! आपले सिएटलचे सीहॉक्स इंडियानापोलिसच्या कोल्ट्सविरुद्ध 18–16 असे कसेबसे जिंकले, तेही एकही टचडाउन (चेंडू घेऊन शेवटची रेषा ओलांडणं) न करता. लाथेनं खांबांमधून मारलेले सहा फील्ड गोल, प्रत्येकी तीन गुण, बस्स. पण लक्षात राहिला तो समोरचा क्वार्टरबॅक, म्हणजे चेंडू फेकून खेळ चालवणारा. फिलिप रिव्हर्स, वय 44, दहा मुलांचा बाप आणि वर आजोबासुद्धा. जानेवारी 2021 मध्ये निवृत्त झालेला हा गृहस्थ तेव्हापासून अलाबामातल्या फेअरहोप गावी सेंट मायकल कॅथलिक हायस्कूलच्या पोरांना फुटबॉल शिकवत होता. कोल्ट्सचा नेहमीचा क्वार्टरबॅक डॅनियल जोन्स याची घोट्यामागची कंडरा तुटली, रिव्हर्सना फोन गेला आणि आठवडा उलटायच्या आत हे मैदानात!

शाळेतला कोच उठून थेट एनएफएलमध्ये, देशातल्या सगळ्यात मोठ्या व्यावसायिक लीगमध्ये. असं याआधी कधी झालं नसेल.

— आबा, केंट

ता. क. संक्रांतीच्या डब्यांचे पैसे कोणाकडे द्यायचे?

*

आबा,

झालं होतं. आणि तेही आपल्या टकोमाच्या माणसाबाबत. जॉन किटना, तोही क्वार्टरबॅक. तुम्ही 2015 नंतर इकडे आलात, म्हणून माफ.

आमच्या घरापासून लिंकन हायस्कूल दहा मिनिटांवर. किटना तिथलाच विद्यार्थी. कुठल्याही मोठ्या कॉलेजनं बोलावलं नाही, म्हणून डोंगरातला घाट ओलांडून एलेन्सबर्गला सेंट्रल वॉशिंग्टनमध्ये गेला. तिथं गणित शिकवण्याचं शिक्षण घेतलं आणि 1995 ला संघाला छोट्या कॉलेजांचं राष्ट्रीय विजेतेपद मिळवून दिलं (अंतिम सामना 21–21 बरोबरीत सुटला, त्यामुळे विजेतेपद वाटून घ्यावं लागलं). पुढचा भाग तर निव्वळ नशिबाचा. सीहॉक्सचे तेव्हाचे कोच डेनिस एरिक्सन आपल्या भाच्याचा खेळ बघायला तिथं गेले. भाच्याकडे चेंडू फेकत होता किटना. भाचा राहिला बाजूला!

ड्राफ्टमध्ये, म्हणजे एनएफएलचे संघ कॉलेजातले खेळाडू निवडतात त्यात, नाव नाहीच. सीहॉक्सनं तसाच घेतला आणि 1997 ला युरोपातल्या लीगमध्ये बार्सिलोनाला पाठवलं, तिथं त्या लीगचा अंतिम सामना, वर्ल्ड बोल, जिंकून दिला. मग सिएटलला मुख्य क्वार्टरबॅक वॉरन मूनच्या मागे राखीव म्हणून बसला आणि हळूहळू जागा मिळवली. तुम्ही परवा ज्या जागेवर बसलात तिथं पूर्वी किंगडोम हे स्टेडियम होतं. त्या किंगडोममधली शेवटची मॅच जानेवारी 2000 मधली, मायामीविरुद्धची प्लेऑफ, म्हणजे बाद फेरीची. आपला क्वार्टरबॅक किटना, त्यांचा डॅन मरीनो. आपण 20–17 हरलो. मरीनोच्या आयुष्यातला तो शेवटचा विजय. दोन-अडीच महिन्यांत स्टेडियम सुरुंग लावून पाडलं आणि 2001 ला किटनाचीही जागा हॅसलबेकला गेली.

त्याची सगळी कारकीर्द अशीच. तो सिनसिनाटीला गेला, तर त्यांनी 2003 च्या ड्राफ्टमध्ये कार्सन पामर या क्वार्टरबॅकला पहिल्या क्रमांकावर उचललं. म्हणजे किटनानं वर्षभर खेळायचं आणि उद्याच्या मालकाला तयार करायचं. त्यानं आदल्या वर्षी 2–14 (दोन विजय, चौदा पराभव) असलेला संघ 8–8 वर आणला, पुनरागमनाचा पुरस्कार घेतला आणि पुढच्या वर्षी निमूट बेंचवर जाऊन बसला. डेट्रॉइटला 2006 मध्ये 4,208 यार्ड फेकले (म्हणजे त्याच्या फेकींनी संघ एवढा पुढे सरकला), पण त्याच हंगामात 63 वेळा त्याला चेंडूसकट आडवं पाडलं. संघ 3–13. 2008 ला तर 0–16. पाठीच्या दुखण्यानं तो ऑक्टोबरातच बाहेर गेला होता, हेच काय ते नशीब. शेवटी डॅलसला टोनी रोमोच्या मागे. एकूण 169 टचडाउन आणि 165 इंटरसेप्शन, म्हणजे समोरच्यांनी पळवलेल्या फेकी. जमाखर्च जवळजवळ फिटला म्हणायचं!

जानेवारी 2012 ला निवृत्त झाला आणि थेट लिंकनमध्ये आला, फुटबॉलचा कोच आणि गणिताचा शिक्षक म्हणून. पाहुणा म्हणून नाही, हजेरी घेणारा, पेपर तपासणारा. मी एकदा शुक्रवारी रात्री तिथल्या लिंकन बोल मैदानावर मॅचला गेलो होतो. आपली नेहमीची भुरभुर, बाक ओलेचिंब, अंगावर प्लास्टिक. शेजारी एक आजी होत्या. मला खेळातलं ओ की ठो कळत नव्हतं, हे त्यांनी दोन मिनिटांत ओळखलं. मैदानाच्या कडेला उभ्या असलेल्या उंच माणसाकडे बोट दाखवून म्हणाल्या, "तो आमच्या नातवाला अल्जिब्रा शिकवतो." एनएफएलचा शब्दही काढला नाही. मला ते घरी आल्यावर कळलं.

आता तुमचा मुद्दा. डिसेंबर 2013, रोमोची पाठ गेली. डॅलसकडे काइल ऑर्टन होता, पण त्याच्यामागे अनुभवी कोणी नाही. शाळेला नाताळची सुट्टी. 41 वर्षांच्या किटनाला फोन आला. तो गेला, हेल्मेट घेऊन बाकावर बसला, डॅलस 24–22 हरलं, याला एकदाही आत जावं लागलं नाही. आठवड्याचा पगार पन्नास हजार डॉलरच्या वर. तो सगळा लिंकन हायस्कूलला देऊन टाकला.

रिव्हर्स मोठा खेळाडू, वाद नाही. पण तो खेळायला परत गेला. किटना सुट्टीत शाळेसाठी चार पैसे मिळवून आला, असं मला वाटतं.

— नाना, टकोमा

*

नाना, छान लिहिलंत. पण एक सांगा, हे काही त्याचं प्रमोशन नव्हे ना? लाखो डॉलर मिळवून शेवटी शाळेत. आमचा धाकटा सप्टेंबरमध्ये नववीत जाईल, त्याला फुटबॉलच खेळायचंय. टर्नआउट, म्हणजे संघाचा सुरुवातीचा सराव, ऑगस्टमध्ये आहे म्हणे. त्याचे बाबा "बघू" म्हणतात, म्हणजे निर्णय माझ्यावर. कोच म्हणजे आपले पीटीचे सर का? आणि एकदा शाळेत आला की तिथंच राहतो का असा माणूस?

— मी. को., रेंटन

*

राहिला नाही. 2015 ला टेक्सासात वॅक्सहॅची हायस्कूलला, मग ॲरिझोनात ब्रॉफी, 2019 ला एक वर्ष डॅलस काउबॉइजमध्ये क्वार्टरबॅकचा कोच (डॅक प्रेस्कॉटनं त्या वर्षी 4,902 यार्ड फेकले) आणि मग पुन्हा शाळा! टेक्सासात बर्लसन, 2023 ला ओहायोत लाकोटा ईस्ट. एनएफएलची नोकरी करून फिरून हायस्कूलवर येतो, त्याला तुम्ही प्रमोशन म्हणा की आणखी काही.

टेक्सासात हायस्कूल कोचचा पगार वर्षाला लाख डॉलरच्या वर जातो, हेही खरं. आपल्याकडे मात्र बहुतेकांना थोडंसं मानधन, पोटाची नोकरी वेगळी.

— नाना

*

नाना किटनावर इतके लट्टू आहेत की एक गोष्ट गाळून गेले. मी लिहिते.

सप्टेंबर 2007, डेट्रॉइट विरुद्ध मिनेसोटा. किटनाच्या डोक्याला मार लागला, त्याला बाहेर काढलं. थोड्या वेळानं तो परत आत आला आणि जादा वेळेत 20–17 जिंकून दिलं. नंतर त्यानं त्याला चमत्कार म्हटलं. तेव्हा वर्तमानपत्रांतही कौतुक झालं. मी तीस वर्षं इस्पितळात काढली आहेत, मला त्यात चमत्कार दिसत नाही. मेंदूला धक्का बसलेल्या माणसाला त्याच सामन्यात पुन्हा धडका खायला पाठवलं, एवढंच दिसतं.

त्याच्या आदल्या वर्षीची, ऑक्टोबर 2006 मधली गोष्ट आपल्या मेपल व्हॅलीतली. झॅकरी लिस्टेड, वय 13. डोकं आपटलं, थोडा वेळ बसला, पुन्हा खेळायला गेला आणि मॅच संपल्यावर कोसळला. जीव वाचला, पण बोलायला-चालायला पहिल्यापासून शिकावं लागलं. त्याच्या नावानं 2009 ला आपल्या राज्यात कायदा झाला, देशातला पहिला. डोक्याला मार लागल्याची नुसती शंका आली तरी मुलाला बाहेर काढायचं, आणि डॉक्टर किंवा तसं प्रशिक्षण घेतलेल्या परवानाधारक आरोग्यसेवकाच्या लेखी परवानगीशिवाय परत घ्यायचं नाही. 2014 पर्यंत पन्नासही राज्यांत असे कायदे आले.

मी. को., मुलाला नाही म्हणू नका. पण कोच एनएफएल खेळलाय का हे विचारण्याऐवजी, पोराला मैदानाबाहेर कोण काढतं आणि त्या माणसाचं कोच ऐकतो का, ते विचारा. दरवर्षी सरावाआधी डोक्याच्या दुखापतीचा एक कागद मुलानं आणि पालकांनी सही करून द्यायचा असतो. आपण तो न वाचताच सही करतो, पोरंही तशीच करतात.

— माई, बेलव्ह्यू

*

माई, मान्य. गाळलं, कारण मला ते तेव्हा शौर्य वाटलं होतं. मॅच टीव्हीवर बघताना टाळ्याही वाजवल्या होत्या.

— नाना

*

सर्वांना विनंती: मूळ मजकूर खाली पूर्ण चिकटवू नये, यादीवर दीडशे जण आहेत. आबा, डब्यांचे पैसे माझ्याकडे द्या, रोख नको.

— खजिनदार

*

माई, नाना, आभार.

काल शाळेत फोन करून विचारलं. आमच्याकडचे कोच शाळेत काही शिकवत नाहीत, दिवसा घरांची छपरं बसवतात! साडेतीनला शिडी उतरून थेट मैदानावर. नाना, तुमचा अल्जिब्रा गेला.

कागद मागवला, दोन पानी आहे. धाकट्याला मोठ्यानं वाचायला लावला. "मळमळ" आणि "प्रकाश सहन न होणं" इथपर्यंत आला आणि म्हणाला, गेल्या वर्षी सायकलवरून पडलो तेव्हा मला असंच होत होतं, तुला सांगितलं नव्हतं.

नव्या पालकांसाठी जानेवारीत सभा आहे, संध्याकाळी सात वाजता. माई, तुम्ही याल का? प्रश्न तुम्ही विचारा, न्यायला-सोडायला मी येते.

— मी. को.