मदत हवी आहे : गाडीचे हेडलाइट घरीच सेट करायचेत

नमस्कार मंडळी. बंपरचं काम करून आणल्यापासून गाडीचा उजवा दिवा वर मारतोय. समोरचे सारखे डिपर देतात. गगनबावड्याच्या रस्त्यावर, त्यात उसाचा हंगाम, समोरच्याचे डोळे दिपवणं म्हणजे जिवाशी खेळ. त्याच्या पुढं अंधारात ट्रॉली उभी असली तर त्याला दिसणार कशी?

सपाट जागा, चाकांत बरोबर हवा, लेव्हलरचं (आत बसून दिव्यांची उंची बदलायचं) बटण शून्यावर आणि ड्रायव्हरच्या सीटवर कोणीतरी बसलेलं, एवढी तयारी करतो. भिंत १० मीटरवर असेल तर लो बीमची वरची कड दिव्याच्या मध्यापेक्षा साधारण १० सेंटीमीटर खाली हवी, हे धरून चाललोय. डावीकडं ती कड जरा वर चढते, ती तशीच ठेवायची ना?

अडचण जागेची आहे. मंगळवार पेठेतल्या आमच्या बोळात जेमतेम ५ मीटर मिळतात. तिथं ५ सेंटीमीटर धरले तर चालेल, की एवढ्या जवळून चूक वाढते? दुसरं, दिव्यामागं दोन स्क्रू आहेत. वर-खाली करणारा कुठला, हे फिरवायच्या आधी ओळखायचं कसं?

कोल्हापुरात मशीनवर बीम तपासून देणारं कोणी माहीत असेल तर तेही सांगा.